नेयमाया

नेयमाया हे तिचं नाव वडिलांनी स्वतः घडवलं होतं. तमिळमधलं 'नेयम' आणि घरच्या मराठीतली 'माया', दोन्हींचा अर्थ एकच. "दोन भाषांची माया आहे तुझ्यावर," असं म्हणत ते तिला खांद्यावर बसवून कुंभकोणमच्या बाजारातून फिरवायचे. ती आठ वर्षांची असताना एका सकाळी ते घरातून गेले, ते परतलेच नाहीत. पुढे आईही वारली आणि घरात मराठी बोलायला कुणी उरलं नाही. या नावाचं दुसरं माणूस तर तिला कधी भेटलंच नव्हतं.

काल ती काम करते त्या रक्ततपासणीच्या लॅबमध्ये एक कॉलेजची मुलगी आली. मूळची कोइमतूरची, इथे वसतिगृहात राहणारी. नळीवर लिहायला नेयमायाने तिचं नाव विचारलं.

"नेयमाया," ती मुलगी म्हणाली.

लिहिता लिहिता पेन थांबलं. "कुणी ठेवलं गं हे नाव?"

"अप्पांनी, अक्का. त्यांनीच तयार केलंय ते. घरी मराठी बोलतात ना ते."

"फार माया करतात का तुझ्यावर?"

"खूप. पण मला हाक मारताना कधी कधी त्यांचे डोळे भरून येतात." मुलीने बाही वर सरकवली आणि सुईकडे न बघता सहज सांगून टाकलं,

"हे नाव त्यांच्या पहिल्या मुलीचं होतं. ती लहानपणीच वारली."