उद्याची होडी

आमच्या समुद्रात काळ जरा उलटा चालतो. उद्या सकाळी निघणारी होडी आज संध्याकाळीच धक्क्याला लागते. त्यामुळे आमच्याकडे माणसाला आधी उतरवून घेतात आणि मग निरोप देतात. संध्याकाळी जो परत आला नाही, त्याने सकाळी निघायचं नाही, एवढी साधी रीत.

जाळी विणणाऱ्या मावशींनी नवऱ्याच्या वेळी ही रीत हसण्यावारी नेली होती, आणि तो गेला तो गेलाच. त्यामुळे पोराच्या बाबतीत त्या हट्टालाच पेटल्या. पोरगा घरात भाजी चिरत असला तरी त्या रोज संध्याकाळी धक्क्यावर त्याची वाट पाहत बसायच्या. तो यायचा नाही. मग सकाळी त्या दाराला कुलूप घालून किल्ली कमरेला खोचायच्या. पोराच्या नव्या होडीचा रंग उभ्या उभ्याच उडाला.

"अहो मावशी, तुम्ही जाऊच देत नाही, तर तो येणार कुठून?" आम्ही चिडवायचो.

"एकदा सुखरूप आलेला दिसू दे, मग मीच पाठवते," त्या म्हणायच्या.

काल संध्याकाळी त्याची होडी आली. मावशी धावतच सुटल्या. पोराने त्यांना जी मिठी मारली, ती सोडेचना.

"अरे, सुखरूप आलास ना? मग रडतोस काय? आणि जाळं कोरडं कसं? एक मासा नाही मिळाला?"



"मासे धरायला गेलोच नव्हतो, आई. उद्या सकाळी तू उठलीच नाहीस, म्हणून तुला एकदा बघायला निघालो."