सव्वानऊचा दणका

कोट्यवधी वर्षांपूर्वी कुठेतरी एकमेकांवर आदळलेल्या दोन कृष्णविवरांची गुरुत्वीय लहर आज टिपणारं ते यंत्र इतकं हळवं होतं, की शेजारून कुणी चाललं तरी दचकायचं. त्यात रोज सकाळी सव्वानऊला आलेखावर एक दणका उमटायचा. "बादली आपटतात, दुसरं काय!" म्हणत प्रयोगशाळेच्या प्रमुख सरांनी सफाईवाल्या मावशींना कामावरून काढायला लावलं.

महिना झाला तरी दणका काही हटेना. शेवटी वैतागून सरांनी कॅमेऱ्याचं चित्रण काढलं. सव्वानऊला पडद्यावर खुद्द सरच आले. एका हातात चहा, दुसऱ्या हातात लॅपटॉप, आणि मागचं लोखंडी दार त्यांनी टाचेने धाडकन लोटलं. बघता बघता सरांचे कान तापले.

दुपारी त्यांनी मावशींना बोलावून घेतलं. माफीचं वाक्य मनात घोळवून ठेवलं होतं. मावशी आल्या त्या चपला हातात घेऊन, चवड्यांवर चालत.

"हळूच आले हं, सर. आता बरं आहे ना तुमचं मशीन?"

"बरं आहे." सरांनी घसा खाकरला. "उद्यापासून या कामाला. झालं ते झालं. पण यापुढे जरा जपून."

"उपकार झाले, सर."

जाताना मावशींनी ते लोखंडी दार दोन्ही हातांनी धरलं आणि तान्हं बाळ निजलेल्या खोलीचं लावावं तसं लावलं. सरांनी आलेखाकडे पाहिलं. रेघ जरासुद्धा हलली नव्हती.