चप्पल तुझ्या दारी

टप्प.

बंद कूलरमधला एक थेंब खालच्या परातीत पडला आणि गोधडीखाली गाणारी वैभवी ओळीच्या मध्येच थांबली. रेकॉर्डिंगचा सहावा टेक वाया गेला.

तिनं गोधडी डोक्यावरून मागे टाकली. केस कपाळाला चिकटले होते. मे महिन्यातली दुपारची वेळ. पंखा बंद, कूलर बंद, कोळशाच्या ट्रकांचा आवाज नको म्हणून खिडक्याही बंद. शेजारी तिची पाच वर्षांची लेक खुशी दोन्ही हात तोंडावर दाबून बसली होती. तिचे डोळे घाईघाईनं सांगत होते, मी नाही, मी नाही.

"तू नाही वं बाई, कूलर होता," वैभवी म्हणाली. खुशीनं हात काढून मोठ्ठा श्वास घेतला.

पुढच्या खोलीतून शोभाताई ओरडल्या, "वैभवी, झालं का वं? लाव तो कूलर. जीव चालला माहा."

"एकच ओळ राहिली, आई."

"नवऱ्याचं घर सोडून तीन महिने झाले. नवऱ्याचं गाणं काही सुटून नाही राहिलं."

हातातला फोन थरथरला. सुशील. तो रामदासपेठेतल्या स्टुडिओत बसला होता. त्यांचं जुनं रेकॉर्डिंग मोबाइलवरचं, खरखरीत. आता ते नव्यानं, नीट करायचं होतं. तिनं स्टुडिओत यायला नकार दिला, म्हणून तिचा आवाज कोराडीहून, आईच्या घरातून, गोधडीखालून जाणार होता.

"कुठवर आलं?"

"एक ओळ राहिली."

"कोणती?" त्यानं विचारलं. त्याला ठाऊक होतं कोणती.

गाणं त्या दोघांचंच होतं. लग्नाच्या पहिल्या उन्हाळ्यात भांडण झालं आणि ती ताडकन उठून, दार आपटून निघाली. बस स्टॉपवर पोचल्यावर कळलं, पायात चप्पल नाही. डांबर असं तापलेलं की ती एका पायावरून दुसऱ्या पायावर उड्या मारत राहिली, आणि शेवटी मुकाट्यानं परत फिरली. सुशील उंबऱ्यात तिच्या चपलांशेजारी बसलेला. म्हणाला, चहा ठेवला आहे. रात्रीपर्यंत त्या सगळ्याचं गाणं झालं होतं. आता लग्नांच्या ऑर्केस्ट्रात लोक फर्माईश करून तेच मागतात:

दार आपटून गेले मी, चप्पल राहिली तुझ्या दारी,
न्यायला म्हणून आले रे, राहून गेले तुझ्या घरी.

राहिली होती ती ही दुसरी ओळ.

"पाच वाजता मिक्सिंगले बसतो आम्ही," सुशील म्हणाला. "मनातून येत असंल तरच गाय. नाही तर ऑर्केस्ट्रातली प्रेमिला गाते म्हणते."

"मग तिलेच सांग. सूर चांगला आहे तिचा."

"सूर चांगला आहे गं. पण तिची चप्पल कधी राहिली होती माह्या दारी?"

वैभवीला हसू आलं. आणि हसू आलं म्हणून स्वतःचाच राग आला.

मग तो हळू आवाजात म्हणाला, "ती ओळ आली ना वैभवी, तर मी संध्याकाळी तुम्हा दोघींले घ्याले येतो. नाही आली, तर पुन्हा विचारणार नाही. तुही शपथ."

फोन बंद झाला.

तिनं परात सरकवून तिच्यात जुना टॉवेल घडी करून ठेवला. आता थेंब पडला तरी आवाज होणार नव्हता. मग गोधडी पुन्हा डोक्यावर घेतली. खुशीही आत शिरली आणि तिच्या मांडीला बिलगली. तेवढ्याशा अंधारात फोनचा उजेड दोघींच्या चेहऱ्यावर पडला होता.

वैभवीनं लाल बटण दाबलं.

कानातल्या इअरफोनमध्ये सुशीलचा आवाज सुरू झाला. पहिली ओळ आधी तो गातो, मग ती. 'दारी'च्या आधी तो चोरून श्वास घेतो. शंभरदा सांगितलं असेल तिनं, तिथं श्वास नको घेऊ, शब्द तुटतो. त्यावरूनही भांडणं झाली होती. आजही त्यानं तिथंच श्वास घेतला. तो इवलासा श्वास तिच्या कानाला असा लागला की तिनं डोळे मिटून घेतले.

ती गाऊ लागली. दार आपटून गेले मी. आवाज लागला होता, कितीतरी दिवसांनी इतका मोकळा लागला होता.

पण तीन महिन्यांपूर्वी तिनं दार आपटलं नव्हतं. सकाळी सुशील आंघोळीला गेलेला असताना ते हळूच ओढून घेतलं होतं. त्याआधी पायरीवर बसून खुशीच्या सँडलचे पट्टे नीट लावले होते. मग स्वतःचे.

पहिली ओळ संपली. आता चार मात्रा नुसती गिटार, आणि मग ती ओळ. फोनवर सेकंद पुढे सरकत होते, लाल ठिपका लुकलुकत होता. वैभवीनं श्वास भरून घेतला.

मांडीजवळून खुशी कुजबुजली,

"आई, आपण तर चपला घालून आलो न. मंग आपण बाबाकडे काय घ्याले जाऊ?"