खात्रीचा काप

स्तनाच्या गाठीत हार्मोन रिसेप्टर आहेत का, हे दाखवणाऱ्या अँटीबॉडीची नवी बाटली आली, की आल्बोर्गच्या आमच्या प्रयोगशाळेत ती आधी मेणात जपलेल्या एका जुन्या, खात्रीच्या गाठीच्या कापावर लावून बघतात. काप तपकिरी झाला, तर बाटली चांगली.

"तोर्किल, त्या गाठीचा शेवटचाच काप उरलाय," बोडिल म्हणाली. "घे आणि संपव."

"आज जुन्या बाटलीवर भागवू."

"ती संपली. तिकडे एक बाई निकालाला थांबलीय, आणि तुझा जीव मेणात अडकलाय होय रे?"

मी काप काचेवर घेतला. तो छान तपकिरी झाला.

"झालं. आता पुढच्या वेळी कुणाची गाठ काढू?"

"कुणाचीही काढ," मी म्हणालो. "ही माझ्या बायकोची, आस्टाची होती."