आणखी काय म्हणायचास?

"आजी, नीट बघा. हाच का तुमचा मुलगा?" सरहद्दीच्या चौकीवरच्या अधिकाऱ्यानं ग्रीकमध्ये विचारलं.

दोना पुढे झाली. समोरचा माणूस साठीकडे झुकलेला, केस विरळ, हातात टोपी चुरगळलेली. तिनं त्याच्या गालावरून हात फिरवला. आईला चक्कर येते की काय, म्हणून इव्हान्थियानं मागून तिचा दंड धरला.

"एकटाच आलास?" दोनानं विचारलं. आपल्या भाषेत, तेही सरकारी माणसाच्या तोंडावर. हे इव्हान्थियानं जन्मात ऐकलं नव्हतं.

"एकटाच," तो म्हणाला आणि त्यानं मान खाली घातली.

दोनानं त्याचा हात हातात घेतला. मग ग्रीकमध्ये, अधिकाऱ्याला ऐकू जाईल अशा ठणठणीत आवाजात म्हणाली, "माझाच. नाउम."

शिक्का बसला. यादवीत डोंगर ओलांडून पलीकडे नेलेली पोरं आता म्हातारी होऊन परतत होती. परवाना थोड्या दिवसांचा, आणि तोही इकडचं कुणी रक्ताचं माणूस ओळख पटवायला आलं तरच.

पोरं नेली तेव्हा इव्हान्थिया पाळण्यात होती. भावाचं नाव घरात काढायची सोय नव्हती. ग्रीक नसलेल्या घरच्या भाषेचीही नव्हती; तिला सरकारची बंदी होती. ऐन तरुणपणी दोनाला भर बाजारात दंड झाला होता, कारण तिनं आपल्या गाढवाला ग्रीकमध्ये हाकललं नव्हतं. पुढे मास्तर वर्गात विचारायचे, घरी काय बोलता? म्हणून दोना मुलीशी मोडक्यातोडक्या ग्रीकमध्येच बोलली. स्वतःची भाषा चुलीपाशी, पुटपुटण्यापुरती. इव्हान्थियाला ती कळायची, बोलता यायची नाही. कुणी विचारलंच तर कळतही नाही म्हणून सांगायची.

पाहुणा मात्र गावात शिरल्यापासून मोकळ्या गळ्यानं तीच भाषा बोलत सुटला. झरा कुठे, घंटा कुठली, चढावरचा ओढा आटला का. एकेक खिडकी बंद होत गेली.

"हळू!" इव्हान्थियानं खूण केली.

"का? अजून दंड आहे?" तो हसला.

एका खिडकीतून म्हातारा आवाज आला, त्याच भाषेत. "कुणाचा रे तू?"

त्यानं टोपी काढली. "दोनाचा."

खिडकी थोडा वेळ उघडी राहिली. मग सावकाश बंद झाली.

"शेताचा वाटा मागायला आलाय," इव्हान्थियाचा नवरा थानासिस दुसऱ्या दिवशी संध्याकाळी म्हणाला. "घराच्या चौकटीला कपाळ आपटलं त्याचं. स्वतःच्या घराची चौकट विसरतं का कुणी?"

"पाच-सहा वर्षांचं पोर चौकटीला कशाला आपटेल? खालून जात असेल," ती म्हणाली. पण तिच्याही मनात पाल चुकचुकली होतीच. सकाळी तो आळीच्या टोकाच्या पडक्या घरापाशी टोपी काढून उभा होता. एक भिंत आणि तुतीचं झाड, एवढंच उरलेलं. आपल्या घरात शिरताना डोळ्यांत टिपूस नाही, आणि तिथे ढसाढसा रडला.

"कुणाचं गं ते घर?" तिनं आईला विचारलं होतं.

"आता कुणाचंच नाही."

मग जेवताना इव्हान्थियानं मनात जुळवून ठेवलेलं वाक्य त्या भाषेत कसंबसं बाहेर काढलं. "लहानपणचं काय आठवतं? सांग."

त्यानं दोनाकडे पाहिलं. दोना परातीतली भाजलेली पोळी कापत होती. तिचा हात थांबला.

"तुतीवर चढून आईला हाका मारायचो," तो म्हणाला. "आई, भूक लागली!"

"मग?" दोना म्हणाली. "आणखी काय म्हणायचास?"

"आई, बर्फ पडलं! आई, लांडगा आला! लांडगा नसायचाच."

दोना हसली. हसता हसता तिनं डोक्याच्या रुमालानं डोळे पुसले. "हो. अख्ख्या आळीला ऐकू जायचं."

थानासिसनं खाली मान घालून घास घेतला. नंतर शेताचा विषय त्यानं काढला नाही, पाहुण्यानंही नाही.

मग रोजचंच झालं. म्हातारी अंगणात उन्हाला बसायची आणि त्याला म्हणायची, सांग, आणखी काय म्हणायचास? तो सांगायचा. पडल्यावर काय म्हणायचो, झोप आली की काय म्हणायचो. दोना एकेक शब्द ओठांत हलवून बघायची. आत काम करता करता इव्हान्थिया ऐकायची, आणि आपण संशय घेतला याची तिला लाज वाटायची. आईनं आपल्याशी असं कधीतरी बोलायला हवं होतं, असंही वाटायचं.

निघायच्या दिवशी चौकीवर तोच अधिकारी होता. इव्हान्थियानं पाहुण्याला मिठी मारली आणि त्या भाषेत म्हणाली, "दादा, परत ये." मोठ्यानं. अधिकाऱ्यानं वळून पाहिलं, तरी तिनं आवाज कमी केला नाही.

परतीच्या बसमध्ये दोना खिडकीशी बसली.

"आई, फोन करत जाऊ त्याला. तू बोल, मीही शिकेन," इव्हान्थिया म्हणाली. "किती खणखणीत आवाज आहे त्याचा!"

"त्याच्या आईचाही असाच होता."

"अगं, त्याची आई तूच ना?"

"त्या पडक्या घरातली बिचारी. जाळपोळीत गेली. त्याला ओळखायला तिचं कुणी उरलं नाही, म्हणून माझ्या पोराच्या नावानं आला." दोना बाहेरच बघत होती. "डोंगर चढताना माझ्या पोराचा हात त्यानं धरला होता. चौकीवर विचारलं मी त्याला, एकटाच आलास का. त्यानं मान खाली घातली, तेव्हाच कळलं, माझा गेला."

इव्हान्थिया तिच्याकडे वळली. "मग तुतीवरून हाका... तू तर हो म्हणालीस."

"ऐकावंसं वाटलं गं," दोना म्हणाली. "माझा नाउम जन्माचा मुका. कुठल्याच भाषेत त्यानं मला कधी आई म्हटलं नाही."