आडोशामागचे फासे

खेळ चालवणाऱ्या लॅखलनने पुठ्ठ्याच्या आडोशामागे पुन्हा फासे टाकले, आकडे बघितले आणि चहाचा घोट घेतला. खेळ टेबलावरचाच, कागदावर लिहिलेली पात्रं वठवण्याचा, पण डंडी शहरातल्या त्या हॉलमध्ये भर दुपारी तिघाही खेळाडूंचे हात गार पडले होते. माणसाचं कातडं पांघरणाऱ्या त्या परग्रहावरच्या जिवांनी शेजारचं यान फस्त केलं होतं. आता पाळी या तिघांच्या यानाची.

"फासे कशाचे टाकतोयस, तेवढं तरी सांग की," फिओना म्हणाली.

"तुम्ही खेळा ना."

फासे परत खुळखुळले.

"हा मघाशी एकटाच कोठारात गेला होता," मॉर्व्हेनने नवऱ्याकडे बोट दाखवलं.

"अगं, मी यानाचा डॉक्टर आहे. तुझ्याच जखमेला औषध आणायला गेलो होतो," यूअन म्हणाला.

"तो जीवही हेच म्हणाला असता."

दोघींनी मिळून डॉक्टरला यानाबाहेर ढकललं. मेलेल्या पात्राचा कागद ज्याचा त्याने फाडायचा, हा त्यांचा रिवाज. तीन वर्षं जपलेला कागद यूअनने फाडला आणि तुकडे बायकोच्या कपाशेजारी ठेवले.

"आता तरी सांग," मॉर्व्हेन लॅखलनला म्हणाली. "अजून किती आहेत यानावर?"

लॅखलनने आडोसा बाजूला केला.



"एकही नव्हता. फासे मी नुसतेच वाजवत होतो."