हातगुण

ज्याच्या अणूंच्या कड्यात कार्बनसोबत पॅलेडियम धातूही गुंफलेला असतो, ते संयुग अखेर निशिगंधाच्या हातून तयार झालं. बुलढाण्याच्या त्या प्रयोगशाळेत आजवर कुणालाच ते साधलं नव्हतं. जरा हवा लागली की द्रावण काळं पडायचं. आता प्रबंधावर मार्गदर्शक काळवाघे सरांची सही झाली, की नांदुऱ्याच्या कॉलेजातली नोकरी पक्की. तिनं अमडापूरला घरी फोन लावला. "सुटली मी, माय."

सरांनी तिच्या हातावर पेढा ठेवला. "पोरी, हे फक्त तुलेच जमते. इतक्यात कशी सोडू तुले? नवीन प्रोजेक्ट घेतला म्या, तुह्याच भरवशावर."

नांदुऱ्याचे लोक थांबायला तयार नव्हते. पुढच्या खेपेला निशिगंधानं फ्लास्कचं बूच मुद्दाम सैल ठेवलं. द्रावण काळंठिक्कर पडलं. ते सरांपुढं धरून ती खालमानेनं म्हणाली, "माह्या हातून आता होत नाही, सर. मले जाऊ द्या."

सरांनी मायेनं तिच्या डोक्यावर हात ठेवला.



"हिंमत हारू नको. पुन्हा जमेपर्यंत मी तुले कुठंच जाऊ देत नाही."